मृगाचा पाऊस, नऊचे चार झालेले एपिसोड आणि लाइन प्रोड्यूसरचा करार

वाईपासून आठ-नऊ किलोमीटरवर कृष्णाकाठचं एक गाव आहे. तिथल्या जुन्या दोन चौकी वाड्यात आठवड्याचे सहा दिवस एका मराठी दैनंदिन मालिकेचं चित्रीकरण चालतं. १ जूनला या मालिकेची बँक नऊ एपिसोडची होती, म्हणजे प्रसारणाच्या पुढे नऊ भाग तयार होते. २८ जूनला त्यातले चार उरले. नेमक्या त्याच आठवड्यात निर्मिती संस्थेनं युनिटच्या प्रॉडक्शन मॅनेजरला (पीएमला) विचारलं, ‘पुढच्या महिन्यापासून लाइन प्रोड्यूसर म्हणून अख्खी मालिका एपिसोडच्या ठरावीक दरानं तुम्हीच घेता का?’ लाइन प्रोड्यूसर म्हणजे चित्रीकरणाचा रोजचा कारभार आणि खर्च सांभाळणारा निर्माता.

या प्रकरणातलं युनिट कुठलंही एक नाही. वाई-सातारा पट्ट्यात काम करणाऱ्या युनिटांना पावसाळ्यात ज्या अडचणी येतात, त्या एका ठिकाणी आणून हे मांडलं आहे. पैशांचे आणि तासांचे आकडे हिशेब समजावा म्हणून गोल धरले आहेत. कायदे, कर आणि भूगोल मात्र जसे आहेत तसे आहेत.

आपला पीएम मूळचा कराडकडचा. बाविसाव्या वर्षी प्रॉडक्शन असिस्टंट म्हणून लागला तेव्हा हातात पेटी कॅश म्हणजे किरकोळ खर्चाची रोकड, व्हाउचरचं बुक आणि चहावाल्यापासून टेम्पोवाल्यापर्यंत सगळ्यांचे नंबर, एवढंच होतं. पुढे प्रॉडक्शन कंट्रोलर झाला, मग पीएम, आणि त्यात अकरा वर्षं गेली. या वाटेला पदवी लागत नाही, पण दोन सवयी लागतात. रोजचा खर्च त्याच रात्री लिहायचा, आणि उद्याच्या कॉल शीटमध्ये, म्हणजे कुणी कधी कुठे यायचं त्या यादीत, काय चुकू शकतं ते आज संध्याकाळी पाहायचं. साताऱ्यातली पोरं या कामात चांगली तयार होतात, कारण गावात माणसं आणि सामान जमवणं त्यांच्या अंगवळणी पडलेलं असतं. प्रोड्यूसर होताना जे लागतं ते मात्र या अकरा वर्षांत बहुधा कुणी शिकवलेलं नसतं. या प्रकरणाचा गाभा तोच आहे.

पंचावन्न तास गेले कुठे?

अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये जाहिराती वगळून साधारण बावीस मिनिटांचा भाग लागतो. आठवड्याला सहा भाग दाखवायचे आणि सहाच दिवस शूटिंग करायचं, म्हणजे दिवसाला एक एपिसोड पडलाच पाहिजे. साधारण पाच ते सहा सीन. बारा तासांच्या शिफ्टमधून जेवणाचा तास वजा केला की अकरा तास उरतात. जूनच्या चार आठवड्यांत चोवीस भाग प्रसारित झाले आणि शूट झाले एकोणीस. पाच एपिसोड मागे, म्हणजे पंचावन्न तास वाया.

मुंबईहून फोन आला की युनिटमधला प्रत्येक जण पावसाचं नाव घेत होता. पीएमनं सहायक दिग्दर्शकाची रोजची डायरी, जनरेटरचं लॉगबुक आणि गाड्यांच्या वेळा समोर ठेवून तास वेगळे काढले. पत्र्यावरच्या पावसाच्या आवाजानं सतरा तास थांबावं लागलं होतं. चिखलात गाडी रुतण्यात पाच गेले. वीज आणि जनरेटरमुळे सहा. कलाकारांच्या तारखा जुळल्या नाहीत म्हणून पंधरा, आणि स्क्रिप्ट उशिरा आली म्हणून बारा. पावसाच्या नावावर पंचावन्नपैकी बावीसच तास निघाले, विजेचे सहा धरले तरी अठ्ठावीस. उरलेले सत्तावीस तास उन्हाळ्यातही गेले असते, फक्त तेव्हा ते कुणाच्या डोळ्यांवर आले नसते.

असा तक्ता काढायला एक रात्र पुरते. तरी फार थोडी युनिटं तो काढतात, आणि आम्हाला हे खटकतं. पाऊस हे कारण सगळ्यांना सोयीचं असतं, कारण त्यात कुणाचंच नाव येत नाही.

पावसाचे तास कमी करणं त्यातल्या त्यात सोपं होतं. वाड्याच्या पुढच्या चौकावर सावलीसाठी पत्र्याची शेड होती. उन्हाळ्यात ती कामाची, पण मृगाचा पहिला पाऊस पडला की सोप्यात बसलेल्या सासूचा संवाद कपड्याला लावलेल्या लेपल माइकवरही स्वच्छ येईना. डबिंग हा उपाय दिसतो सोपा, पण कलाकाराला पुन्हा स्टुडिओत आणावं लागतं आणि रोजच्या मालिकेला ते झेपत नाही. केलं ते असं: पत्र्यावर गोणपाटाचे दोन थर, त्यावर एक फूट मोकळी जागा सोडून बांबूचा सांगाडा, आणि सांगाड्यावर उतार देऊन ताडपत्री. थेंब आधी ताडपत्रीवर पडतो, त्याचा जोर तिथेच मोडतो. पहिल्या प्रयत्नात दोन चुका झाल्या. ताडपत्री चार-चार फुटांवर बांधली होती, ती वाऱ्यानं फडफडली आणि पावसापेक्षा मोठा आवाज झाला, म्हणून दर दोन फुटांवर दोरी घ्यावी लागली. उतार कमी पडल्यामुळे एका कोपऱ्यात पाणी साठलं, गोणपाट भिजून जड झालं आणि शेडचा वासा वाकला. भिजलेल्या गोणपाटाचं वजन किती होतं याचा अंदाज सेटिंगदादांना विचारूनच घ्यावा. एवढं करूनही धो-धो पावसात चौकात संवाद होत नाहीतच. तेवढ्या वेळासाठी माजघरातला एक सीन रोज राखून ठेवायचा, त्यातले कलाकार आणि कपडे सकाळीच तयार ठेवायचे.

वाटेसाठी चार ब्रास मुरूम लागला. चार ब्रास म्हणजे चारशे घनफूट. एकशेतीस फूट लांब, दहा फूट रुंद पट्ट्यावर तो पावणेचार इंचांचा थर होतो. जनरेटरची गाडी आणि कलाकारांची व्हॅनिटी व्हॅन तेवढ्यावर निघतात. मुरूम टाकण्याआधी बाजूनं चर काढला नाही तर पहिल्याच मोठ्या पावसात तो शेजारच्या शेतात जातो आणि शेतकऱ्याशी भांडण होतं ते वेगळंच.

विजेचं गणित बऱ्याच ठिकाणी उलटं केलं जातं. लाइट्सचा एकूण भार पस्तीस किलोवॅटपर्यंत असेल तर ६२.५ केव्हीएचा सायलेंट जनरेटर पुरतो. ०.८ पॉवर फॅक्टर धरला की त्यातून पन्नास किलोवॅट मिळतात आणि त्याच्या सत्तर टक्क्यांवर चालवणं सुरक्षित. भीतीपोटी दुप्पट क्षमतेचा जनरेटर आणला की भाडंही वाढतं आणि कमी लोडवर डिझेल फुकट जळतं. ६२.५ चा जनरेटर निम्म्या लोडवर तासाला साधारण सात-आठ लिटर डिझेल घेतो. तो सेटपासून दीडशे फुटांवर, वाऱ्याच्या उलट्या बाजूला ठेवावा. ओल्या जमिनीत अर्थिंगचा खड्डा स्वतंत्र काढावा आणि मेन बोर्डावर वीज गळली की पुरवठा तोडणारा अर्थ लीकेज ब्रेकर असल्याशिवाय लाइट पेटवू देऊ नये. जूनमधले सहा तास याच ब्रेकरनं खाल्ले, कारण ओल्या जॉइंटमुळे तो सारखा पडत होता. लाइटदादांनी तो काढून थेट जोडणी करायचं सुचवलं तेव्हा पीएमनं साफ नकार दिला. सगळे जॉइंट जमिनीवरून उचलून विटांवर ठेवले, वर प्लास्टिक बांधलं आणि ब्रेकर पडायचा थांबला. तिथे तास वाचवायला गेलं असतं तर माणूस गेला असता.

नदीच्या बाबतीतही अशीच सावधगिरी लागते. धोम धरण वाईच्या वरच्या अंगाला आहे. विसर्ग सुरू झाला की मेणवलीचा घाट, वाईचे घाट, सगळीकडे पाणी चढतं. घाटावरचे सीन मेअखेर उरकून ठेवायचे आणि पावसाळ्यात लागले तर आधी घेतलेले मोकळे शॉट वापरायचे. नाना फडणवीसांचा मेणवलीचा वाडा आणि घाट ‘स्वदेस’ (२००४) पासून सगळ्या देशाला माहीत झाला, त्यामुळे तिथे तारीख मिळवणं अवघड. रोजच्या मालिकेनं कमी परिचयाचा वाडा घ्यावा हे बरं, आणि या युनिटनं तेच केलं होतं.

तारखा, नाटकं आणि वाफसा

पंधरा तास खाल्ले ते तारखांनी. सातारा ते मुंबई अडीचशे किलोमीटर, खंबाटकी घाट आणि पुण्यातली वाहतूक धरून सहा तास सहज जातात. मालिकेतल्या दोन मुख्य कलाकारांची व्यावसायिक नाटकं चालू होती. शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याला प्रयोग असले की त्यांना शुक्रवारी दुपारी तीनला सोडावं लागायचं आणि ते सोमवारी दुपारी परत यायचे. मराठी मालिका करणाऱ्यानं हे गृहीत धरूनच चालायचं असतं. नाटक सोडा असं कलाकाराला सांगणं गैर आहे, तो त्या रंगभूमीवरूनच आलेला असतो.

चूक होती ती तक्त्यात. युनिटकडे प्रत्येक कलाकाराची तारखांची वेगळी यादी होती, पण कॉम्बिनेशनचा तक्ता नव्हता. सासू आहे, सून आहे, मुलगा नाही. मुलगा आला तर सासू प्रयोगाला. पीएमनं एका मोठ्या कागदावर आडवे दिवस आणि उभे कलाकार लिहिले. ज्या दिवशी चौघंही एकत्र आहेत ते रकाने लाल केले. महिन्यात असे सातच दिवस निघाले. मग कुटुंबाचे एकत्र सीन या सात दिवसांतच लावायचे आणि बाकी दिवशी दोघा-तिघांचे, असं ठरलं. हे जूनच्या पहिल्या तारखेला केलं असतं तर पंधरापैकी निदान दहा तास वाचले असते.

एकत्र न येणाऱ्या कलाकारांना जोडण्यासाठी फोनवरचा सीन हा जुना उपाय आहे. तो एका भागात एकापेक्षा जास्त वापरू नये, प्रेक्षकाला लगेच कळतं. पाठमोरी डमी घेऊन एकाचे क्लोज आज आणि दुसऱ्याचे परवा घेता येतात, पण मग कंटिन्युइटीचे, म्हणजे दोन्ही दिवशी सगळं तसंच दिसावं यासाठीचे, फोटो कपड्यांच्या इस्त्रीपासून कपाळाच्या टिकलीपर्यंत काढावे लागतात.

गावातल्या गर्दीचंही तसंच. ज्युनिअर आर्टिस्ट म्हणून गावकरीच यायचे. पाऊस उघडला की युनिटला बाहेरचा गर्दीचा सीन घ्यायचा असे, आणि नेमका तेव्हाच शेतात काम करण्याजोगा वाफसा आलेला असे. वाफसा आला की माणूस शेतात जाणार, त्याला कॅमेऱ्यापुढे उभं करणं अवघडही आहे आणि चुकीचंही. आषाढात ज्ञानेश्वर महाराजांची पालखी लोणंद-फलटण मार्गानं जाते. तेव्हा जिल्ह्यातले पोलीस बंदोबस्ताला आणि गावातले निम्मे म्हातारे वारीला. त्या दिवसांत रस्ता अडवायची परवानगी मागायलाच जाऊ नये. रंगपंचमीला बावधनच्या बगाड यात्रेचं आणि पौषात मांढरदेवीच्या यात्रेचंही असंच. पीएमच्या तक्त्यात हे दिवस आता कलाकारांच्या तारखांइतक्याच ठळक लिहिले आहेत.

स्क्रिप्टचे बारा तास कुणाच्याच खात्यात धड बसत नव्हते. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे आणि मंजुरी चॅनलची. त्यात गुरुवारी बार्कचे, म्हणजे टीव्हीचे प्रेक्षक मोजणाऱ्या संस्थेचे, आठवड्याचे आकडे येतात. ते घसरले की शुक्रवारी कथेचा ट्रॅक बदलतो आणि शनिवारसाठी लिहिलेले सीन बाद होतात. कला विभागाला पूजेचा मांडव घालायचा तर दोन दिवस लागतात, आणि संवाद मात्र रात्री साडेअकराला मेलवर यायचे. पीएमनं लेखकांशी वाद घातला नाही. त्यानं शूटिंगचा क्रम फिरवला. कुठलाही ट्रॅक आला तरी बदलणार नाहीत असे सीन, म्हणजे स्वयंपाकघरातले, गाव-शेजारचे, उपकथेचे, ते गुरुवार ते शनिवार लावले. मुख्य नाट्य सोमवार ते बुधवार. आकडे काहीही आले तरी शनिवारचं शेड्यूल उभं राहतं. आमच्या मते अख्ख्या प्रकरणातला सगळ्यात हुशार निर्णय हा होता, आणि त्याला एक रुपयाही लागला नाही.

नऊ वर्षांची मुलगी

मालिकेत एक बालकलाकार होती, वय नऊ. बालकामगार कायद्याच्या २०१७ च्या नियमांनुसार बालकलाकाराला दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही, आणि सलग तीन तासांनंतर विश्रांती द्यावीच लागते. सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त काम चालत नाही. जिथे चित्रीकरण होतं तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. मूल पुण्याचं आणि संस्था मुंबईची असली तरी अर्ज साताऱ्यातच करायचा, आणि परवानगी सहा महिनेच चालते. तिच्या मानधनातले किमान वीस टक्के तिच्या नावावर मुदत ठेवीत जावे लागतात. सेटवर पाच मुलांमागे किमान एक जबाबदार माणूस नेमावा लागतो.

जूनमध्ये तिला सकाळी सातचा कॉल असे आणि पहिला सीन साडेदहाला व्हायचा. तोवर तिचे निम्म्याहून जास्त तास मेकअपच्या खोलीत संपलेले. जुलैपासून तिचा कॉल दुपारी एकचा केला, सकाळी शाळेचा अभ्यास, आणि ती आली की बाकी सगळं थांबवून तिचेच सीन. एखाद्या दिवशी पाच तास पूर्ण झाले आणि एक शॉट राहिला, तर तो उद्यावर. यावर सेटवर कुरकुर होतेच. ती ऐकून घ्यायची आणि मुलीला घरी पाठवायचं, यात तडजोड नसावी.

मोठ्यांच्या तब्येतीकडेही तेवढंच लक्ष हवं. सप्टेंबर २०२० मध्ये ज्येष्ठ अभिनेत्री आशालता वाबगावकर मालिकेच्या चित्रीकरणासाठी साताऱ्यात आल्या असताना कोरोनानं गेल्या. त्यानंतर या भागात काम करणाऱ्या कुठल्याही पीएमनं सेटवर एक गाडी चालकासह राखीव ठेवणं, जवळच्या रुग्णालयाचा रस्ता रात्रीचा पाहून ठेवणं आणि ज्येष्ठ कलाकारांची औषधं लिहून ठेवणं, हे आपलं काम मानलं पाहिजे.

एपिसोडच्या दराचा हिशेब

आता मूळ प्रश्न. संस्थेनं देऊ केलेला दर होता एपिसोडला दोन लाख रुपये, वर जीएसटी. महिन्याला चोवीस भाग, म्हणजे अठ्ठेचाळीस लाख. पीएमला खर्च तोंडपाठ होता, पण त्यानं तो पहिल्यांदाच दोन भागांत लिहिला. कलाकार, तंत्रज्ञ, लाइट, कॅमेरा, जनरेटर, जेवण, मुक्काम, गाड्या, वाड्याचं भाडं, या सगळ्याचा दिवसाचा खर्च एक लाख साठ हजार. तो एपिसोड पूर्ण झाला तरी आणि नाही झाला तरी होतो. लेखन, संकलन, पार्श्वसंगीत, डिलिव्हरी हा एपिसोडमागचा खर्च अठ्ठावीस हजार.

चोवीस दिवसांत चोवीस भाग पडले तर खर्च पंचेचाळीस लाख बारा हजार, हातात दोन लाख अठ्ठ्याऐंशी हजार. जूनसारखे एकोणीसच पडले तर चोवीस दिवसांचे अडतीस लाख चाळीस हजार आणि एकोणीस भागांचे पाच लाख बत्तीस हजार, मिळून त्रेचाळीस लाख बहात्तर हजार. उत्पन्न मात्र अडतीस लाख. तोटा पाच लाख बहात्तर हजार. एक वाईट महिना दोन चांगल्या महिन्यांची कमाई खाऊन टाकतो. ना नफा ना तोटा व्हायला महिन्याला तेवीस भाग लागतात. म्हणजे चुकायला वाव एका भागाचा.

तरी खरी अडचण नफ्यात नव्हती, ती रोकडीत होती. करारात पैसे बिलानंतर नव्वद दिवसांनी मिळणार होते. लोक याचा अर्थ तीन महिने असा घेतात. जुलैचं काम, ३१ जुलैला बिल, नव्वद दिवस म्हणजे ऑक्टोबर संपत आलेला. तोवर जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर आणि ऑक्टोबर, चार महिन्यांचा रोख खर्च खिशातून. मुख्य कलाकार आणि दिग्दर्शक या धंद्यात नव्वद दिवसांवर काम करतात, ते वीस लाख बाजूला काढले तरी महिन्याला पंचवीस लाख रोख लागतात. स्पॉटदादा, लाइटदादा, डिझेल, केटरर, लॉजवाला यांना थांबवता येत नाही, आणि थांबवूही नये. चार महिन्यांचे झाले एक कोटी.

वर जीएसटी. अठ्ठेचाळीस लाखांवर अठरा टक्क्यांनी आठ लाख चौसष्ट हजार. बिल काढलं की पुढच्या महिन्याच्या वीस तारखेला तो भरायचा, समोरून पैसे आले असोत वा नसोत. जनरेटर, कॅमेरा, लाइट यांच्या बिलांवर भरलेल्या जीएसटीचं क्रेडिट मिळतं, म्हणजे तेवढी रक्कम वजा होते. केटरिंगवरचं मिळत नाही, कलाकारांना आणणाऱ्या लहान गाड्यांच्या भाड्यावरचंही बहुतेक वेळा नाही. क्रेडिट दोन लाख धरलं तर दर महिन्याला साडेसहा लाखांवर रक्कम भरायची. पहिला पैसा येईपर्यंत तीनदा, म्हणजे वीस लाख. एकूण गरज एक कोटी वीस लाख. बिलातून टीडीएस कापला जातो तो वेगळा, मालकी फर्म असेल तर एक टक्का, कंपनी किंवा भागीदारी असेल तर दोन, आणि तो विवरणपत्र भरल्यावरच वळता होतो.

पीएमकडे होते अठरा लाख आणि एक गाडी. उरलेले बाहेरून उचलायचे तर पूर्ण रकमेचा अंदाज घेऊ. वर्षाला अठरा टक्क्यांनी महिन्याचं व्याज एक लाख ऐंशी हजार. खासगीत महिन्याला दोन टक्क्यांनी दोन लाख चाळीस हजार. सगळे चोवीस भाग पडले तरी नफा दोन लाख अठ्ठ्याऐंशी हजार, त्यातून हातात उरणार अठ्ठेचाळीस हजार. पीएमच्या पगारापेक्षा कमी. आणि ही रक्कम मालिका चालू असेपर्यंत अडकलेलीच राहते, कारण एक बिल सुटतं तोवर पुढचं चढलेलं असतं.

या टप्प्यावर पुष्कळ चांगले पीएम अडकतात. दिवस कसा उभा करायचा हे त्यांना उत्तम येतं, पण महिने कसे पेलायचे याचा कागद त्यांनी कधी मांडलेला नसतो. सुनेच्या दागिन्यांवर आणि बापाच्या शेतावर काढलेल्या कर्जांच्या गोष्टी या धंद्यात कमी नाहीत.

त्यानं संस्थेला नकार दिला नाही, वेळ आणि अटी बदलून मागितल्या. जुलै ते सप्टेंबर तो लाइन प्रोड्यूसरचं काम करील, पण महिन्याच्या ठरावीक मानधनावर. एपिसोडचा खर्च एक लाख पंच्याण्णव हजारांच्या खाली आला तर बचतीतला निम्मा वाटा त्याचा. ठरावीक दराचा करार ऑक्टोबरपासून. त्यात बिलाबरोबर चाळीस टक्के आणि पूर्ण जीएसटी आठवड्याभरात, बाकी रक्कम पंचेचाळीस दिवसांत. या एका बदलानं एक कोटी वीस लाखांची गरज तीस-पस्तीस लाखांवर आली. शिवाय स्क्रिप्ट अठ्ठेचाळीस तास आधी आली नाही किंवा चॅनलनं दिवस रद्द केला, तर त्या दिवसाचे एक लाख साठ हजार संस्थेचे. पावसाचे महिन्याला दोन दिवस त्याचे, त्यापुढचे निम्मे-निम्मे. संस्थेनं दोन आठवडे घेतले आणि मान्य केलं. जूनचा पंचावन्न तासांचा तक्ता समोर होता म्हणून मान्य केलं, नुसत्या शब्दावर झालं नसतं.

गणपतीपर्यंतची बँक

वाड्याच्या मालकांना सगळं युनिट आबा म्हणतं. करार करतानाच त्यांनी सांगितलं होतं, “शूटिंग बारा महिने करा बाबांनो, पण गौरी-गणपतीला घर आमचं. पोरं-सुना मुंबई-पुण्याहून येत्यात.” देवघरात चप्पल नाही, लाकडी खांबाला खिळा नाही आणि गणपती ते गौरी विसर्जन पाच दिवस शूटिंग नाही, ही तीनही कलमं लेखी होती. पाच दिवस म्हणजे पाच भाग, आणि हातात होते चार.

आठ आठवडे होते. अठ्ठेचाळीस भाग प्रसारित होणार. मुख्य युनिट सुधारलेल्या पद्धतीनं अठ्ठेचाळीस दिवसांत पंचेचाळीस भाग काढील असा अंदाज धरला. म्हणून दहा दिवस दुसरं युनिट लावायचं ठरलं: एक कॅमेरा, एपिसोड दिग्दर्शक, अठरा माणसं, दिवसाला पंचावन्न हजार. ते परसदारी आणि मागच्या चौकात उपकथेचे तीन सीन काढतं, म्हणजे दिवसाला ०.६ भाग. दहा दिवसांत सहा. एका भागामागे ब्याण्णव हजार आणि वर अठ्ठावीस हजार, म्हणजे एक लाख वीस हजार. नेहमीच्या भागापेक्षा हे स्वस्त पडतं, कारण वाडा, जनरेटर, जेवण आधीच चालू असतं. मात्र दोन्ही युनिटांना एकाच वेळी पुरतील असे कलाकार मोकळे हवेत, नाहीतर दुसरं युनिट नुसतं चहा पिऊन बसतं. म्हणून दहा दिवस सलग घेतले नाहीत, तक्त्यात जिथे जागा दिसली तिथे दोन-दोन दिवस घेतले. आवाजाचंही पाहावं लागतं. दोन चौकांत एकदम ‘ॲक्शन’ झालं तर एकाचं रडणं दुसऱ्याच्या माइकवर येतं.

बँक मोजतानाही एक गफलत होत होती. शूट झालेला भाग आणि चॅनलकडे पोचलेला भाग यांत तीन दिवसांचं अंतर असतं. दोन कॅमेऱ्यांचं मिळून रोज सहा तासांचं चित्रण होतं. पन्नास एमबीपीएसनं तासाला साडेबावीस जीबी धरले तर एकशे पस्तीस जीबी. गावातल्या वीस एमबीपीएसच्या अपलोडनं ते पाठवायला पंधरा तास लागतात, वीज गेली तर पुन्हा सुरुवात. म्हणून रोज रात्री हार्ड डिस्क गाडीनं मुंबईला, दुसरी प्रत वाईतल्या लॉजवर कुलपात, आणि मुंबईहून “उघडली, तपासली” असा निरोप आल्याशिवाय कॅमेऱ्याचं कार्ड पुसायचं नाही. पीएमच्या वहीत आता दोन रकाने आहेत, शूट झालेले आणि पोचलेले. मुंबईला तो दुसराच आकडा सांगतो.

या काळात चॅनलला रविवारचा एक तासाचा महाएपिसोड हवा होता. तो दोन भाग खातो. तक्ता दाखवून तो गौरी विसर्जनानंतरच्या तिसऱ्या रविवारी ढकलला.

आठ आठवडे संपले तेव्हा मुख्य युनिटचे पंचेचाळीस आणि दुसऱ्याचे सहा, मिळून एक्कावन्न भाग झाले होते. बँक चारची सात झाली. आदल्या रात्री सेटिंगदादांनी चौक धुऊन आबांच्या ताब्यात दिला. पाच दिवस शूटिंग बंद, प्रसारण चालू. गौरी विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सहाच्या कॉलला युनिट परत आलं तेव्हा हातात दोन भाग होते. दोन म्हणजे निवांत नव्हे. त्या आठवड्यात दुसरं युनिट आणखी चार दिवस लावावं लागलं.

ऑक्टोबरच्या करारावर सही करण्याआधी पीएमनं एक कलम हातानं वाढवून घेतलं. नोव्हेंबरपासून उसाचा हंगाम. वाड्यासमोरच्या रस्त्यानं कारखान्याकडे जाणारे ट्रॅक्टर गाणी लावून रात्रंदिवस चालतात आणि त्यांना थांबवण्याचा कुणालाच हक्क नाही. रस्त्याकडच्या सोप्यातले संवादाचे सीन हंगाम संपेपर्यंत मागच्या चौकात हलवायचे, आणि त्यासाठी लागणारा माजघराचा जोड-सेट संस्थेच्या खर्चानं उभारायचा, असं ते कलम आहे.